पावावरची अळंबी

डोंबिवलीत त्या काळी माणसांपेक्षा डास जास्त होते आणि डासांपेक्षा नियम जास्त होते. डासांवर निदान उपाय होता. तिन्हीसांजेला कडुनिंबाचा पाला जाळला की ते शेजारच्या बिऱ्हाडात जात. नियम मात्र धुराला दाद देत नसत. कुठल्या दिवशी काय खायचं नाही, कोणी शिवलेलं काय टाकून द्यायचं, कुठल्या भांड्यावर कुठल्या भांड्याची सावली पडू द्यायची नाही, याची यादी मला पाढ्यांच्या आधी पाठ झाली होती. त्यातले बहुतेक नियम मी सोळा वर्षांची व्हायच्या आत मोडले आणि उरलेले तीन एकाच दुपारी, एकाच ताटलीत, पन्नास माणसांसमोर मोडले. पन्नास हा आकडा माझा आहे. आमच्या चाळीतली एक म्हातारी नंतर सगळीकडे पंधरा सांगत फिरली, पण तिला दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू. तिच्या मोजणीवर कोण विश्वास ठेवणार?

आमची चाळ बैठी, सहा बिऱ्हाडांची. वर मंगलोरी कौलं, पुढे अंगण, अंगणात विहीर आणि मागे खाडीपर्यंत भातशेती. पहिल्या बिऱ्हाडात मालक बापूराव केळशीकर राहायचे. सरकारी नोकरीतून निवृत्त झालेले, पण हुकूम सोडायची सवय निवृत्त न झालेले. शेवटच्या बिऱ्हाडात आम्ही: दादा, आई, मी आणि आत्या. दादा म्हणजे माझे वडील, सकाळी डबा घेऊन कचेरीत जायचे आणि संध्याकाळी डबा घेऊन परत यायचे. मध्ये ते काय करायचे हे आम्हाला कधी कळलं नाही आणि बहुधा कचेरीलाही कळलं नसावं. घर चालायचं आत्याच्या शब्दावर. दादांची ही थोरली बहीण ऐन विशीत विधवा होऊन माहेरी परतलेली. जगाने तिच्याकडून सगळं काढून घेतलं आणि हातात स्वयंपाकघर ठेवलं, तर तिने त्या स्वयंपाकघराचं संस्थान केलं. तिथली भांडी अशी लखलखायची की आमच्याकडे दिवा उशिरा लावत. खरं सांगते. कल्हईवाला गल्लीत शिरला की इतर बायका त्याला भाव विचारायच्या; आत्याला मात्र तोच नमस्कार करायचा. ती पातेल्यात बोट फिरवून सांगायची, "ही कल्हई दसऱ्यापर्यंत टिकणार नाही." आणि ती टिकायची नाही. त्या बोटाला घाबरून कथील स्वतःहून निघत असावं असा माझा अंदाज आहे.

या संस्थानाबाहेर मला एक जहागीर मिळाली होती, ती विषमज्वरामुळे. चौदाव्या वर्षी मी एकवीस दिवस तापाने फणफणले, डोक्यावर केस उरला नाही, आणि डॉक्टरांनी दूध-पाव द्यायला सांगितलं. आमच्या घरात पाव म्हणजे धर्मांतर. आत्याचं ठाम मत होतं की पावाचं पीठ पायांनी तुडवतात, आणि ते कोणाचे पाय, हे विचारण्यात अर्थ नाही. पण पोरगी मरायला टेकलेली. शेवटी तह झाला: पाव पडवीच्या आत येणार नाही, त्याची शेगडी वेगळी, तवा वेगळा, पापड भाजायची एक जुनी जाळी वेगळी, ताटली वेगळी. मी बरी झाले, केस आले, पण तह मोडू दिला नाही. डोक्यावर पत्र्याची पेटी घेऊन फिरणारा पाववाला गल्लीत यायची वेळ झाली की मला बरोबर अशक्तपणा यायचा. अशी दोन वर्षं मी अशक्त राहिले आणि त्यात चांगली गुटगुटीत झाले.

त्याच पडवीच्या पायरीवर मंगळवारी आणि शुक्रवारी हिरूबाय बसायची. ती आंबिवलीच्या पलीकडच्या ठाकरवाडीतली, वयाने आईएवढी, चालण्यात घोड्याला मागे टाकणारी. पावसाळ्यात तिच्या पाटीत जंगल असायचं: करटोली, टाकळा, कुड्याच्या शेंगा, आणि श्रावणात पळसाच्या पानात गुंडाळलेल्या अळंब्या, वारुळावरच्या, लांब देठाच्या, पांढऱ्या. वारूळ कुठे आहे ते ती सख्ख्या बहिणीलाही सांगत नसे. अळंबी दिसली तर तिच्याकडे बोट दाखवायचं नाही, ओरडायचं नाही, नाहीतर पुढच्या वर्षी ती तिथे उगवत नाही, असं ती म्हणायची. पावसाचे चार महिने तिचं घर या पाटीवरच चालायचं. आई तिला चहा द्यायची, तो पडवीच्या कोनाड्यात ठेवलेल्या एका कान तुटलेल्या कपातून. चहा पिऊन हिरूबाय तो कप स्वतः विसळायची आणि परत कोनाड्यात ठेवायची. मी एवढी नियम मोडणारी, पण तो कप मला कधी दिसलाच नाही. म्हणजे रोज दिसायचा, पण दिसला नाही. आज या गोष्टीतलं मला सगळ्यात जास्त टोचतं ते हेच, म्हणून आधीच सांगून मोकळी होते.

अळंबीची चव मला तिनेच लावली. एका दुपारी ती पायरीवर बसून आपली भाकर सोडत होती. तांदळाची भाकर तिने माझ्या शेगडीवर शेकली, कोळशावर दोन अळंब्या भाजल्या, चंचीतून मीठ-मिरची आणि लसणाची पाकळी काढून दगडावर चेचली आणि सगळं भाकरीवर पसरलं. मला एक तुकडा दिला. खाणारे लोक म्हणतात, अळंबी मटणासारखी लागते. मी तेव्हा मटण खाल्लेलं नव्हतं, त्यामुळे मला ती अळंबीसारखीच लागली, आणि तो तुकडा गिळेपर्यंत मला कळून चुकलं की जन्मल्यापासून मी पडवळ आणि दुधी यांच्या कैदेत आहे.

पण मला भाकर कुठून मिळणार? पिठाचे डबे आत्याच्या राज्यात. माझ्या राज्यात होता फक्त पाव. तेव्हा भाकर नाही म्हणून पाव, एवढाच काय तो माझा शोध. हल्ली माझी नात घोडबंदर रोडवरच्या एकोणिसाव्या मजल्यावर मला हाच पदार्थ जेवणाआधी खायला देते आणि त्याचं नाव असं काही सांगते की ते ऐकून भूक मरते. तिच्या अळंब्या डबीत येतात, सगळ्या एका मापाच्या, विमा एजंटांसारख्या गुळगुळीत. मी खाते. वर सांगते की छान झालंय. पण कृती विचाराल तर माझी ऐका. अळंबीची माती आधी बोटांनी झाडायची, मग हळदीच्या पाण्यातून एकदाच काढायची. पाण्यात ठेवलीत तर ती फुगते आणि रुसते. विळीला लावायची नाही. मला विळी मिळतच नव्हती म्हणून मी हाताने उभी फाडायचे, तर तीच पद्धत खरी निघाली. फाडलेल्या अळंबीच्या दोऱ्यादोऱ्यांत लोणी शिरतं. तवा चांगला तापू द्यायचा. लोणी शिंकाळ्यातलं, चोरलेलं असेल तर उत्तम. अळंबी आधी पाणी सोडते, तेव्हा तिला हात लावायचा नाही; ते पाणी आटून तवा चुरचुरायला लागला की मगच ठेचलेला लसूण, मिरे, मीठ. तोवर जाळीवर पावाचे काप. कोळशावर फुंकर घालत एक बाजू बदामी करायची, दुसरी बाजू त्याहून थोडी जास्त, आणि गरम असतानाच त्यावर लसणाची पाकळी घासायची. खरखरीत पावावर ती खडूसारखी झिजते. वर अळंबी. मग कोणाची वाट बघायची नाही.

असं मी त्या पावसात तीनदा केलं, आत्या दुपारी पोथीला बसली की. आईला माहीत होतं. आईचं माहेर कल्याणच्या आत, शेतावरचं. तिथे श्रावणात अळंबी खायचे हे ती एकदाच बोलून गेली होती. लग्न झाल्यापासून तिने ती तोंडात घातली नव्हती. पण माझी शेगडी पेटली की ती वाळलेले कपडे काढायला पडवीत यायची आणि एकेक कपडा इतक्या सावकाश घडी करायची की जणू त्यावर नक्षी काढतेय. मी काप पुढे केला की मान हलवून नाही म्हणायची, आणि कपडे संपले तरी जायची नाही.

आता बापूराव. चाळीत सगळ्यात कडक चातुर्मास त्यांचा. पण नोकरीत असताना ते मुरबाडकडे काही वर्षं होते आणि तिथे त्यांना अळंबीची चटक लागली होती. दर मंगळवारी ते मागच्या दाराने हिरूबायकडून एक पुडा घेत. चाळीत हे कोणालाच माहीत नव्हतं, म्हणजे सहाही बिऱ्हाडांना माहीत होतं, पण कोणी बोलत नव्हतं. त्या श्रावणातल्या एका बुधवारी सकाळी बापूराव असे आजारी पडले की त्यांच्या उलट्यांचा आवाज ठाकुर्लीपर्यंत गेला. पोटात पिळे, तोंडाला कडू पाणी, डोळे पांढरे. संध्याकाळपर्यंत ते उठून बसले, पण आता झाकायला काही उरलं नव्हतं. त्यांनी जाहीर केलं की सांधेदुखीवर औषध म्हणून आपण थोडी अळंबी घेतली होती आणि त्या ठाकरणीने त्यात विषारी छत्र्या मिसळल्या. दोन दिवसांत ही बातमी विहिरीवरून निघून स्टेशनापर्यंत पोचली. वाटेत तिला पाय फुटले ते वेगळेच. टांगेवाल्यांच्या अड्ड्यावर बापूराव वारलेसुद्धा होते.

शुक्रवारी हिरूबाय नेहमीसारखी आली. तिला काहीच माहीत नव्हतं. श्रावणातला शुक्रवार म्हणजे जिवतीचा. घरोघरी भिंतीवर जिवतीचा कागद लावलेला, पुरण शिजतंय, आया संध्याकाळी लेकरांना ओवाळणार. बापूराव अंगणात खुर्ची टाकून बसले होते, चेहरा उतरलेला, पण अंगात कोट. शेजारी दोन निवृत्त गृहस्थ, मागे बायका. हिरूबाय पाटी उतरवायला लागली तर ते म्हणाले, "खाली ठेवू नकोस. मला विषारी छत्र्या विकल्यास. आल्या पावली परत जा. या गल्लीत पुन्हा दिसायचं नाही. फौजदाराला चिठ्ठी लिहिली आहे, आणि कल्याणच्या बाजारातही सांगून ठेवणार आहे की तुझ्याकडून कोणी पानसुद्धा घेऊ नये."

हिरूबायने पाटी डोक्यावरच धरली आणि तिथल्या एकेका बाईकडे बघितलं. वर्षानुवर्षं तिच्याकडून भाजी घेणाऱ्या बायका. एकीने आभाळाकडे बघितलं, एकीने पदराकडे, आमच्या आईने जमिनीकडे. मी विहिरीकडे बघितलं. हो, मीसुद्धा. हे मी आजवर कोणाला सांगितलेलं नाही.

"मी काय इख इकतंय?" ती म्हणाली. आणि पाटी पुढ्यात उतरवून अंगणाच्या तोंडाशी खालीच बसली. "जायाची नाय मी. गेली त म्हनाल, पळाली."

तेव्हा केळशीकर काकूंनी, म्हणजे बापूरावांच्या पत्नीने, परीक्षा सुचवली: चांदीचा रुपया अळंबीत ठेवावा, काळा पडला तर विष. हिरूबाय म्हणाली, रुपयाला काय कळतंय, त्याने कधी खाल्लीय काय. यावर एक बाई हसली. बापूरावांना ते हसू उलट्यांपेक्षा जास्त लागलं. ते उठले आणि काठीने त्यांनी पाटी कलंडवली. करटोली अंगणभर गडगडली आणि पळसाचा पुडा उघडून अळंब्या चिखलात पडल्या.

मी आमच्या पायरीवरून उठले. धाडस वगैरे काही नव्हतं. मला राग आला की भूक लागते, अजूनही लागते. मी चिखलातल्या अळंब्या एकेक करून ओच्यात घेतल्या, हिरूबायपुढे हात पसरला आणि म्हटलं, "लसूण दे." तिने माझ्याकडे बराच वेळ बघितलं आणि चंची उलगडली. मग मी पडवीत जाऊन शेगडी पेटवली. लोणी जिवतीच्या नैवेद्यासाठी काढलेलं होतं, तेच घेतलं. जिवती लेकरांची देवी, ती एका लेकराला गोळाभर लोण्यासाठी अडवणार नाही असा माझा हिशेब. तवा चुरचुरला आणि चातुर्मासात, भर श्रावणात, शुक्रवारी, लसणाचा वास चाळीवरून असा निघाला की म्हणतात, कोपरीच्या शेतांत माणसांनी खुरपी खाली ठेवली. म्हणतात म्हणजे मीच म्हणते, पण साठ वर्षं म्हणतेय, त्यामुळे आता ते खरंच झालंय.

चार काप झाले. ताटली घेऊन मी पडवीच्या पायरीवर सगळ्यांच्या समोर बसले. बापूराव म्हणाले, "कुसुम, ताटली खाली ठेव."

"बापूराव, तुम्ही औषध म्हणून खाल्लीत," मी म्हटलं, "मी भूक लागली म्हणून खातेय. बघू कोणाला मानवते."

आणि मी खाल्ला. अख्खा काप, शेवटच्या कडेपर्यंत, कुरकुर असा आवाज करत. आत्या पोथी टाकून दारात आली होती. तिने मला बघितलं, ताटली बघितली, नाकाने एक श्वास घेतला आणि खोल गेलेल्या आवाजात म्हणाली, "चातुर्मासात लसूण." मी विष खाल्लंय हे तिला त्यानंतर सुचलं.

मग जो तो बोलायला लागला. कोणी म्हणे घशात बोट घाला, कोणी म्हणे मिठाचं पाणी पाजा, कोणी डॉक्टरांकडे धावलं. त्या गलक्यात आई आतून आली. तिच्या हातांना पुरण लागलेलं होतं. तिने विहिरीवर हात धुतले, पदराला पुसले, आणि येऊन माझ्या शेजारी पायरीवर बसली. आमची आई चारचौघांत कधी बसत नसे; ती नेहमी कशाच्या तरी आड उभी असायची. तिने ताटलीतला एक काप उचलला आणि खाल्ला. घाईने नाही. डोळे मिटून, सावकाश, कपड्यांच्या घड्या घालायची तसा.

"मीठ कमी पडलंय," ती म्हणाली.

आत्या म्हणाली, "अगं, आज जिवती."

"म्हणूनच, वन्सं," आई म्हणाली. "आजच्या दिवशी लेकीबरोबर असावं." आणि तिने दुसरा काप घेतला.

डॉक्टर सायकलवरून आले, नाडी बघितली, जीभ बघितली, मिठाचं पाणी मागवलं. मी दात आवळले. मला बोलतं करायला त्यांनी अभ्यासाचं विचारलं, मी मानेने उत्तरं दिली. शेवटी ते वैतागून म्हणाले की दिवेलागणीपर्यंत काही झालं नाही, तर काही होत नाही. आज कुठला डॉक्टर असं बोलणार नाही; काही विषारी छत्र्या दोन-दोन दिवसांनी मारतात हे मला पुढे कळलं. अनोळखी अळंबी कोणी खाऊ नये, मीही कधी खाल्ली नाही. मी हिरूबायच्या डोळ्यांच्या भरवशावर खाल्ली होती. पण डॉक्टरांनी दिवेलागण म्हटलं आणि चाळ ते ऐकून चटया घेऊन आली. मी मरायची वाट बघायला एवढे लोक जमले, तेवढे माझ्या लग्नालाही नव्हते. कोणी शेंगा आणल्या. कोणी तुळशीपत्र आणि गंगेचं पाणी आणून माझ्या उशाशी ठेवलं, तर मी बसलेली, त्यामुळे उसं कुठलं धरायचं यावर वाद झाला. एका आजोबांनी हळूच विचारलं की काही इच्छा राहिली आहे का. मी म्हटलं, उरलेला काप. तो मी आईबरोबर अर्धा केला. हिरूबाय अंगणाच्या तोंडाशी गुडघे पोटाशी घेऊन बसली होती. तिची आंबिवलीची गाडी केव्हाच गेली होती. ती माझ्याकडे बघत नव्हती, ती सावल्यांकडे बघत होती.

ऊन कौलांवर चढलं तेव्हा दादा कचेरीतून आले. दारात माणसं, आत शांतता, मुलगी आणि बायको पायरीवर टेकून बसलेल्या, शेजारी तुळशीपत्र. त्यांनी डबा खाली ठेवला आणि डोक्यावरची टोपी काढली.

"अजून नाही," कोणीतरी त्यांना समजावलं.

आणि तेव्हाच आत्या पायरीवरून खाली उतरली. सबंध दुपार ती दाराच्या चौकटीला पाठ लावून उभी होती, माझ्याकडे आणि बापूरावांकडे आळीपाळीने बघत. मला वाटलं, आता ती माझं प्रायश्चित्त सांगणार. ती थेट केळशीकर काकूंपाशी गेली.

"तुम्ही कशात शिजवलीत?" तिने विचारलं.

काकू ताठ झाल्या. "आमच्या स्वयंपाकघरात नाही हो नेली, आत्याबाई. चुलीलासुद्धा लावली नाही. न्हाणीपाशी विटा मांडल्या, तिथे एक जुनं पितळी पातेलं पडून होतं, त्यात केली."

"आंबट काय घातलंत?"

"मूठभर आमसुलं. त्यांना आंबट लागते."

"आणि रात्री काढून ठेवलीत?"

"कशात काढणार? घरातलं भांडं बाटवू?" काकूंच्या आवाजात अजूनही अभिमान होता. "त्यातच झाकून ठेवली. सकाळी त्यांनी बाहेरच बसून खाल्ली."

आत्याने फक्त हात पुढे केला. "पातेलं आणा."

पातेलं आलं. आत्याने ते मावळतीच्या उजेडाकडे तिरपं धरलं आणि आत बोट फिरवलं, कल्हईवाल्यांना घाम फोडणारं ते बोट. मग बोट वर केलं. त्याच्या टोकावर हिरवं होतं, शेवाळासारखं हिरवं, आणि ते अंगणातल्या पन्नास माणसांना दिसलं. मोतीबिंदूवालीलासुद्धा.

"कळकलंय," आत्या म्हणाली. "याची कल्हई तुमच्या मुंजीच्या वेळची असेल, बापूराव. बिनकल्हईच्या पितळेत रात्रभर आमसूल. यात दूध ठेवलं असतं तरी विष झालं असतं." अळंबी, पाव, लसूण यांतल्या कशाबद्दलही तिचं मत तसूभर बदललेलं नव्हतं. पण भांड्याच्या बाबतीत खोटं तिला सोसत नसे. "त्या बाईचा यात काही दोष नाही. सोवळं सांभाळायचं तर सगळं सांभाळावं. अर्धं सांभाळलं की असं होतं."

माफी मागायची तर बापूरावांना ती कोणी शिकवली नव्हती. ते उठले, खाकरले आणि म्हणाले, "बरं. येत जा."

हिरूबायने सांडलेली करटोली पाटीत भरली. मग म्हणाली, "येतंय. पन तुमच्या कुनाच्या दारात बसायची नाय. ज्याला पायजे त्यानं हितं, कुसूमच्या वट्याव यावं. आनि यील त्यानं आपलं भांडं आनावं. बघल्याबिगर द्यायची नाय."

तसंच झालं. पुढच्या मंगळवारी कल्हईवाल्याला आमच्या गल्लीत दिवसभर मान वर करायला फुरसत मिळाली नाही. शुक्रवारी आमच्या पायरीपाशी पातेली घेऊन रांग लागली आणि रांगेत शेवटी बापूराव, हातात आरशासारखं पातेलं. हिरूबायने ते उलटंपालटं करून बघितलं, आत बोट फिरवलं, आत्याकडे एक नजर टाकली. आत्याने दारातून मान हलवली. मगच त्यांना पुडा मिळाला. त्या दोघी आयुष्यात एकमेकींशी दहा शब्द बोलल्या नसतील, पण त्या दिवसापासून डोंबिवलीच्या त्या गल्लीत कोण काय कशात शिजवणार हे त्या दोघी ठरवत होत्या.

माझं प्रायश्चित्तही झालं. पंचगव्य मिळालं, ते अळंबीपेक्षा वाईट लागलं. आईला मात्र कोणी काही बोललं नाही. कारण आईने काही केलंच नव्हतं, फक्त दोन काप आणि अर्धा खाल्ला होता. खरी गंमत तिने नंतर केली, आणि ती मला फार उशिरा कळली. त्या शुक्रवारी संध्याकाळी मला ओवाळून झाल्यावर तिने हिरूबायला चहा दिला, तो कोनाड्यातल्या कपातून नाही, आमच्या कपाटातल्या कपातून. आत्याने बघितलं. तिने तो कप उचलून कोनाड्यात ठेवला. आता तो घरात येणार नव्हता. कोनाड्यात दोन कप झाले. पुढच्या मंगळवारी आईने कपाटातला दुसरा कप काढला. तोही कोनाड्यात गेला. शुक्रवारी तिसरा. आई चुकत नव्हती आणि आत्या हटत नव्हती, आणि दोघी एकमेकींशी भाजीला मीठ किती यापलीकडे बोलत नव्हत्या. आत्या स्वतः चहा घ्यायची ती फुलपात्रातून, तिला काय फरक पडणार होता. आमच्याकडे कप होते सहा.

भाद्रपदात एका सकाळी दादांनी कचेरीला जाण्याआधी चहासाठी कपाट उघडलं, तर आत फक्त बशा. त्यांनी आईकडे बघितलं. आई चुलीपुढे बसून फुंकणीने जाळ घालत होती, मान वर न करता. त्यांनी आत्याकडे बघितलं. आत्या जप करत होती. मग माझा तो आयुष्यात कधी काही न मोडलेला बाप पडवीत गेला, कोनाड्यात ओळीने मांडलेल्या सात कपांकडे त्याने बघितलं, त्यातला पहिला, कान तुटलेला कप उचलला, त्याच्यात एक फुंकर मारली, आणि तो घेऊन आत येऊन आईपुढे धरला.